पुढील आदेश होईपर्यंत

वकील कुरुविला रविवारी सकाळच्या बोटीने आले, पण येताना फाईल आणली नाही. रजिताने स्वयंपाकघराच्या खिडकीतून त्यांना बांधावरून चालत येताना पाहिलं. एका हातात छत्री, दुसऱ्या हातात केळ्याच्या वेफर्सचा पुडा. बुधवारी हायकोर्टात सुनावणी होती, आणि ज्याच्या भरवशावर हे घर उभं होतं त्या माणसाजवळ कागदाचा कपटाही नव्हता.

“अम्मा, वकिलांनी फाईल आणलेली नाही.”

“बदक खायला येतोय तो. बदकाला फाईल लागत नाही.” पंकजाक्षी मडक्यात मिरी टाकत होत्या. “आणि तू खिडकीतून बाजूला हो. येणाऱ्या माणसाला आधी घर दिसावं, मग सून.”

“तरीपण, शेवटची सुनावणी म्हणजे...”

“रजिता, तुझ्या प्रत्येक प्रश्नाला शेपूट असतं. नारळ खवून झाला का?”

रजिता इडुक्कीच्या डोंगरातली. धाकट्या बैजूशी लग्न करून ती या पाण्यात आली तेव्हा तिला साधी होडीही नीट धरता येत नव्हती. बैजू पर्यटकांच्या हाऊसबोटीवर आठवडा आठवडा बाहेर असायचा, त्यामुळे विचारायला घरातली माणसंच होती, आणि ती विचारत राहिली. बोट मागे कशी जाते? खाली इंजिनापाशी बसलेल्या ड्रायव्हरला पुढचं काही दिसत नाही, मग तो चालवतो कसा? या प्रश्नाचं उत्तर सासऱ्यांनी, वासवनांनी, मोठ्या हौसेने दिलं होतं. वर चाकापाशी सारंग, खाली इंजिनापाशी ड्रायव्हर. सारंग दोरी ओढतो, खाली घंटा वाजते. थांब, हळू, मागे, प्रत्येक हुकमाची घंटा वेगळी. घंटा वाजल्याशिवाय ड्रायव्हरने लिव्हरला हात लावायचा नाही, हा नियम.

केस काय आहे हे मात्र तिला तुकड्यातुकड्यांनी कळलं. सारंग असलेल्या वासवनांच्या निवृत्तीला थोडे महिने उरले असताना त्यांची बोट याच गावच्या धक्क्यावर आदळली. धक्का मोडला, एका शिक्षिकेचा पाय मोडला. बोट महामंडळाच्या चौकशीत सारंगाने सांगितलं, मी वळणावर हळूची घंटा दिली, ड्रायव्हरने वेग कमी केला नाही. ड्रायव्हरने सांगितलं, घंटा वाजलीच नाही. खरं कोण हे महामंडळाला ठरवता आलं नाही, म्हणून त्याने वासवनांची, आणि मुदतीआधीच निवृत्ती घेतलेल्या ड्रायव्हरचीही, पेन्शन कापली. दोघेही हायकोर्टात गेले, वेगवेगळे वकील करून. कोर्टाने दोन्ही याचिका एकत्र ठेवल्या आणि अंतरिम आदेश दिला. निकाल लागेपर्यंत दोघांनाही पूर्ण पेन्शन द्यावी. जो हरेल त्याने ती परत करावी.

निकाल लागला नाही. अंतरिम आदेशाला अठरावं वर्ष लागलं. त्यावर घराचं छप्पर बदललं, बैजूचं शिक्षण झालं, रजिताच्या लग्नाचा मांडवही त्यावरच उभा राहिला. ‘पुढील आदेश होईपर्यंत’ हे शब्द या घरातल्या पोरांनाही पाठ होते.

आणि ड्रायव्हर होता सुकुमारन, पंकजाक्षींचा धाकटा, सख्खा भाऊ.

तो वर्षातून तीनचार वेळा होडी घेऊन मागच्या कालव्याने यायचा, स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसून जेवायचा आणि निघून जायचा. पुढच्या ओसरीवर बसलेले वासवन त्या वेळी मुद्दाम मोठ्याने खाकरायचे. मला कळलंय, एवढंच त्या खाकरण्यातून समजायचं. त्यापलीकडे दोघे बोलत नसत.

“पानं किती मांडू?” रजिताने विचारलं.

“एक जास्त मांड. सुकुमारन येतोय.”

“आज? वकील समोर असताना?”

“मागच्या दाराने येतोय.”

“अम्मा, तुम्ही मुद्दाम बोलावलंत?”

“नारळ,” पंकजाक्षी म्हणाल्या.

ओसरीवर थोरला मुलगा अजयघोष आणि मुलगी लतिका आधीच आले होते. अजयघोष पंचायत कचेरीत कारकून होता. कुठल्याही चर्चेत शेवटी त्याच्या तोंडी ‘व्यवहार’ हा शब्द यायचाच. लतिका चेर्तलाहून सकाळीच आली होती. ती वडिलांच्या खुर्चीच्या हाताला टेकून उभी होती. कुणाचा कल कुणाकडे आहे हे नुसत्या बसण्या-उभं राहण्यावरून दिसत होतं.

“न्यायमूर्ती नवीन आहेत,” कुरुविला वेफर्सचा पुडा फोडत म्हणाले. “आल्या आल्या त्यांनी जुन्या याचिका बाहेर काढल्यात. बुधवारी ऐकणार म्हणजे ऐकणार.”

“ऐकू देत,” वासवन म्हणाले. त्यांच्या आवाजात सणाच्या सकाळची खुशी होती. “पंच्याहत्तरीला आलो मी. मरायच्या आधी मला एक ओळ पाहिजे. ‘सारंगाची चूक नव्हती.’ बस्स. बाकी तुमचं तुम्हाला.”

“अच्छन, ओळ पानात वाढता येत नाही,” अजयघोष वडिलांना म्हणाला.

“तू तर बोलूच नकोस चेट्टा,” लतिका थोरल्या भावावर उसळली. “त्यांच्या नावाचा प्रश्न आहे. आजही बोटीवर नवीन पोरं म्हणतात, हा तो धक्का मोडणारा सारंग.”

“नाव त्यांचं, छप्पर आपलं. हरलो तर अठरा वर्षांची पेन्शन परत करायची, माहीत आहे ना? व्यवहार बघ.”

“हरू कशाला? जिंकलो तर?”

“तर ती सुकुमारन अम्मावन परत करतील. त्यांच्या घरात परत करण्यासारखं काय आहे? एक होडी आणि चार बदकं.”

रजिता चहाचे पेले घेऊन दारात आली होती, ती तिथेच थांबली. मागच्या बाजूला काठाला होडी घासल्याचा आवाज तिने ऐकला होता. म्हणजे मामा, सुकुमारन अम्मावन, आत आले होते, आणि भिंत काही फार जाड नव्हती.

विषय बदलावा म्हणून कुरुविला घाईने म्हणाले, “मी मुदत मागून बघतो, माझी ना नाही. पण मिळेल असं वाटत नाही. मागच्या तारखेला सुकुमारनच्या वकिलाने मागितली, त्याआधी मी. पाळीप्रमाणे आता माझीच आहे. पंकजाक्षी चेच्चींना मी फोनवर हेच म्हणालो.”

वासवन खुर्चीत पुढे सरकले.

“कसली पाळी?”

वकिलांनी आधी त्यांच्याकडे पाहिलं, मग दाराकडे. रजिताच्या मागे पंकजाक्षी येऊन उभ्या होत्या.

“म्हणजे सारंगांना माहीतच...” वकील म्हणाले आणि वेफर चावायला लागले.

“कसली पाळी, वकीलसाहेब? तुम्ही मला सांगायचात, न्यायमूर्ती रजेवर आहेत. बोर्डावर नंबरच आला नाही. महामंडळाचा वकील आजारी आहे.”

“त्यातलं काही काही खरं होतं.”

“मी सांगितलं त्यांना,” पंकजाक्षी म्हणाल्या. “तारीख पडली की मुदत मागा म्हणून. यांच्याकडे तुमची बायको म्हणून जायचे, त्या दुसऱ्या वकिलाकडे सुकुमारनची बहीण म्हणून. एकच बाजू सारखी मुदत मागायला लागली की कोर्ट चिडतं, असं यांनीच सांगितलं. म्हणून पाळी लावली.”

“दर वेळी बदकाची अंडी घेऊन,” कुरुविला हळूच म्हणाले.

अजयघोषला हसू फुटलं. बापाचा चेहरा बघून त्याने ते खोकल्यात घालवलं.

“अठरा वर्षं,” वासवन म्हणाले. “अठरा वर्षं तू मला खोटा ठरवून ठेवलंस.”

“कुणालाच काही ठरवू दिलं नाही.”

“भावाला वाचवलंस.”

“तुम्हालाही.”

“मला? मला कशापासून वाचवायचं होतं? मी घंटा दिली होती!”

पंकजाक्षी उत्तर देतील असं वाटलं. पण त्यांनी नजर वळवली आणि पाण्याकडे पाहिलं, खालच्या पायऱ्यांकडे. ती नजर रजिताने हेरली. सासूबाईंना नवऱ्याचा राग सहन होत नाही असं कधी झालं नव्हतं. त्या नजर चुकवणाऱ्यांतल्या नव्हत्या. मग पायऱ्यांवर काय होतं? पेले मधल्या चौरंगावर ठेवून रजितानेही तिकडे पाहिलं. पायऱ्या, त्यांच्या डावीकडे कालव्याचं वळण, उजवीकडे लांबवर गावचा धक्का. रोजचंच चित्र, पण त्यात काहीतरी जुळत नव्हतं, आणि ते काय हे तिला बघता बघता समजलं.

“अच्छन, एक विचारू?”

“झालं,” अजयघोष म्हणाला. “आता शेपूट येणार.”

“विचार,” वासवन म्हणाले. रागातसुद्धा ते तिला नाही म्हणत नसत.

“बोट त्या बाजूने येते. आधी वळण, मग आपल्या पायऱ्या, मग पुष्कळ पुढे धक्का. आताच्या बोटी आपल्या पायऱ्या ओलांडून त्या फणसापाशी आल्या की हळू होतात. रोज बघते मी. पण तुम्ही म्हणता घंटा वळणावर दिली. वळणावर कशाला? तिथून धक्का तर दिसतही नाही.”

“आमची बोट वळणावरच हळू व्हायची.”

“का?”

“व्हायची. अकरा वर्षं तशीच व्हायची.”

“पण का?”

उत्तर आलं ते आतून, लेकीला सांगावं तसं.

“डब्यासाठी, मोळे.”

सुकुमारन दारात उभा होता. होडीतून उतरताना नेसलेल्या मुंडूची कड भिजली होती, ती त्याने हाताने पिळून धरली होती. या ओसरीवर त्याने पाऊल ठेवलेलं रजिताने कधी पाहिलं नव्हतं. आजही तो उंबऱ्याच्या आतच थांबला.

“याला कुणी बोलावलं?” वासवनांनी विचारलं.

“मी,” पंकजाक्षी म्हणाल्या. “काय मुदत मागायची ती आता तुम्ही दोघांनी एकदा समोरासमोर ठरवावी म्हणून. दर वेळी मीच किती फेऱ्या मारू? गुडघे राहिले नाहीत.”

“अळिया, मी बसायला आलेलो नाही,” सुकुमारन भावोजींना म्हणाला. “पण पोरीने नीट विचारलंय. चौकशीत कुणी विचारलं नव्हतं.” मग तो रजिताकडे वळला. “आमचा दोघांचा डबा चेच्ची करायची. या सगळ्यात खालच्या पायरीवर उभी राहायची. वळण आलं की मी बोट हळू करायचो, खलाशी वाकून डबा उचलायचा, आणि बोट तशीच हळूहळू धक्क्याला लागायची. लोकांना वाटायचं धक्क्यासाठीच हळू केली.”

“आणि घंटा?”

“घंटा कशाला? वळणावर पाण्याचा आवाज बदलतो, मला खाली बसून समजायचं. अकरा वर्षांत त्या वळणावर अळियनने एकदाही घंटा दिली नाही. लागलीच नाही कधी.”

“त्या दिवशी दिली होती,” वासवन म्हणाले.

“अळिया.”

“दिली होती. लिहून दिलंय मी.”

“लिहून दिलंत खरं,” सुकुमारन म्हणाला. तो चिडला नव्हता. पावसापाण्याबद्दल बोलावं तसा बोलत होता. “पुढे धक्का अंगावर आला तेव्हा मागेची घंटा दिलीत, ती ऐकली मी, गियरही टाकला. त्या वेगात काय थांबणार होती बोट? पण वळणावर घंटा नव्हती. तुम्हाला वाटलं, सुकुमारन आहे खाली, करेल हळू. रोज करतो.”

कुरुविलांनी पुडा मिटून बाजूला ठेवला. लतिका वडिलांकडे बघत होती. वासवन कुणाकडेच बघत नव्हते.

रजिताला पुढचा प्रश्न विचारावासा वाटत नव्हता, पण तो समोर उभाच होता, आणि तो विचारला नाही तर आधीच्या सगळ्या उत्तरांना काही अर्थ राहिला नसता.

“अम्मावन, रोज करत होतात, मग त्याच दिवशी का नाही केलीत?”

“त्या दिवशी डबा नव्हता.”

“हे तुम्हाला इंजिनापाशी बसून कसं कळलं?”

सुकुमारनने मुंडूची कड सोडून दिली. “ते मी सांगणार नाही. चौकशीतही सांगितलं नाही.”

“मी सांगते,” पंकजाक्षी म्हणाल्या. “तो दिवस अनुपमाच्या जन्माचा.”

लतिकाने मान वर केली. अनुपमा तिची मुलगी. त्याच दिवशी जन्मली होती हे सगळ्यांना माहीत होतं; तिच्या वाढदिवसाला घरात कुणीतरी दर वर्षी म्हणायचंच की हिच्या येण्याने धक्का हादरला. त्या दोन गोष्टींचा आणखी काही संबंध असेल हे कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं.

“पहाटे लतिकाच्या पोटात दुखायला लागलं,” पंकजाक्षी म्हणाल्या. “हे रात्री बोटीवरच मुक्कामाला होते. मी हिला होडीत घालून इस्पितळात निघाले. वाटेत सुकुमारनच्या दारात थांबले. म्हटलं, आज डबा नाही. आणि म्हटलं, यांना सांगू नको.”

“का?” वासवनांनी विचारलं.

“हिचं पहिलं बाळ गेलं तेव्हा आठवतं? बातमी कळली आणि तुम्ही बोट सरळ कोळ्यांच्या जाळ्यांत घातलीत. मी म्हटलं, शेवटची खेप होऊ दे, मग सांग.”

“सकाळपासून आम्ही एका बोटीत होतो,” वासवन सुकुमारनला म्हणाले. “दोनदा चहा प्यायलास माझ्याबरोबर.”

“प्यायलो,” सुकुमारन म्हणाला.

“वळणावर मला वाटलं तू हळू करशील.”

“पायरीवर कुणी नाही हे मला माहीत होतं. मला वाटलं, आज सरळ जायचं, हळू करायची असेल तेव्हा घंटा येईल.” त्याने भिजलेली कड पुन्हा मुठीत धरली. “मला एवढाच राग होता अळिया, की तुम्ही घंटा दिली असं लिहून दिलंत. मी तेव्हाच म्हटलं असतं की पायरीवर बहीण नव्हती, तर चौकशीवाल्याने विचारलं असतं, सरकारी बोट रोज डब्यासाठी थांबते काय? आणि चेच्चीला कचेरीत उभं केलं असतं.”

रजिताला वाटलं वासवन उठून जातील. पण ते बसूनच राहिले, आणि बोलले तेव्हा वकिलांशी बोलले.

“वकीलसाहेब, माझ्या अर्जातलं ते वाक्य खोडता येईल का?”

“कोणतं?”

“वळणावर घंटा दिली, ते. दिली नव्हती. युनियनचा माणूस म्हणाला असं लिहा, मी लिहिलं. मग इतक्या वेळा सांगितलं की मला ती ऐकू यायला लागली.”

सुकुमारनने उंबरा ओलांडला आणि ओसरीच्या कठड्यावर बसला. कुणी त्याला बस म्हटलं नव्हतं.

“थांबा, थांबा,” कुरुविला म्हणाले. आता ते पुरते वकील झाले होते. “खोडायचं म्हणजे दुरुस्तीचा अर्ज द्यावा लागेल. खरं कारणही लिहावं लागेल. ते लिहिलं की नियम दोघांनी मोडला हे तुम्हीच कबूल केलंत. सारंगाने घंटेशिवाय चालवली, ड्रायव्हरने घंटेशिवाय वेग बदलला, अकरा वर्षं. आज तुमच्यापैकी एक तरी जिंकतो. हे लिहिलंत तर दोघेही हरू शकता.”

“मग लिहू नका,” लतिका पटकन म्हणाली. तिचा चेहरा उतरला होता. “अच्छन, राहू दे. नाव काय, लोक दोन दिवस बोलतात. माझ्या बाळंतपणापायी दोन घरं बुडाली असं नको व्हायला.”

“मघाशी तूच म्हणत होतीस नावाचा प्रश्न आहे,” अजयघोष म्हणाला.

“मघाशी मला माहीत नव्हतं!”

“वकीलसाहेब,” अजयघोष पुढे सरकला, “दुरुस्तीचा अर्ज दिला तर बुधवारी निकाल होईल का?”

“न्यायमूर्तींनी दुरुस्ती मान्य केली तर नाही. महामंडळाला उत्तर द्यायला वेळ द्यावा लागेल. तोपर्यंत अंतरिम आदेश चालू. पण मान्य केलीच नाही तर बुधवारीच निकाल, आणि तो कसा लागेल हे मी सांगितलं.”

“म्हणजे खरं सांगून मुदत मिळू शकते.” अजयघोषचा चेहरा उजळला. “अच्छन, मला वाटतं खरं सांगावं.”

“तुझं खरं तुझ्याजवळ ठेव,” वासवन म्हणाले. “मी मुदतीसाठी सांगत नाहीये.”

रजिता खांबाला टेकून बघत होती. तासाभरापूर्वी लतिका बापाच्या खुर्चीला चिकटून होती आणि अजयघोष समोर. आता अजयघोष खुर्चीशी आला होता आणि लतिका आईच्या बाजूला दाराशी. दोघांपैकी कुणाच्या मनात खोट होती असं तिला वाटलं नाही. प्रत्येकाला काहीतरी सांभाळायचं होतं, आणि ती वस्तू आता सरकून दुसऱ्या जागी गेली होती. एकाच माणसाने अजून आपली जागा सोडली नव्हती.

वासवनही तिकडेच बघत होते. “पंकजम, तू काय म्हणतेस?”

“मला विचारताय?”

“दोन वकील तुला विचारून चालत होते. मी एकदा विचारलं तर काय झालं?”

पंकजाक्षींनी पदराला हात पुसले. “आजवर मुदत मागत होते, कारण दुसरं काही मागितलं तर तुमच्यातल्या एकाला खोटं ठरवावं लागलं असतं. आता तुम्ही दोघेही तेच बोलताय. मग मुदत कशाला? बुधवारी जाऊन सांगा.”

“हरलो तर?” अजयघोषने विचारलं.

“तर छप्पर गळेल. आधी गळत नव्हतं काय?”

कुरुविलांनी मान हलवली. “चेच्ची, सांगणं सोपं नाही. महामंडळाचा वकील म्हणेल, एक मेव्हणा आणि एक भावोजी, अठरा वर्षांनी एकत्र बसून गोष्ट रचून आलेत. डब्याचं दुसऱ्या कुणी सांगायला पाहिजे. खलाशी?”

“गेला बिचारा,” सुकुमारन म्हणाला. “गेल्या ओणमच्या आधी.”

“मग कोण?”

“डबा कोण घेऊन उभं राहायचं?” पंकजाक्षी म्हणाल्या. “माझं नाव लिहा.”

“तुमचं प्रतिज्ञापत्र जोडता येईल,” वकील सावकाश म्हणाले. “पण कोर्ट पहिलं विचारेल, इतकी वर्षं गप्प का होता?”

“मुदत मिळत होती म्हणून.”

या वेळी अजयघोषला खोकला आणता आला नाही. सुकुमारनही हसला, आणि वासवनांनी ते हसू ऐकून न ऐकल्यासारखं केलं, पण खाकरले नाहीत.

“हसण्यावारी नेऊ नका,” कुरुविला म्हणाले. “बायकोच्या शब्दाला कोर्टात फार वजन नसतं. नवऱ्याच्या बाजूने बोलणारच, असं धरून चालतात. बहिणीचंही तेच.”

“बरोबर आहे. पण मी एकाची बायको आणि दुसऱ्याची बहीण,” पंकजाक्षी म्हणाल्या. “मला खोटं बोलायचं असतं तर कुणाच्या बाजूने बोलले असते?”

कुरुविलांनी खिशातून पेन काढलं आणि लतिकाला म्हणाले, “घरात वही असेल ना?”

लतिका हलली नाही. “अम्मा, माझं नाव येईल त्यात.”

“येईल. अनुपमाचंही येईल. तुमच्यापायी काही झालेलं नाही, तेही येईल. सांगू नको असं मी म्हटलं होतं. ते सगळ्यात आधी येईल.”

लतिका आत जाऊन वही घेऊन आली. रजिताने मधल्या चौरंगावरचे पेले उचलले. चहा गार झाला होता, कुणीच प्यायला नव्हता. आत बदक मडक्याला लागायला आलं होतं, वास येत होता. पण या क्षणी ती चुलीपाशी जाणार नव्हती, आणि आज तिला कुणी जा म्हणतही नव्हतं.

“सुरुवात कुठून करू?” वकिलांनी विचारलं. “अपघातापासून?”

“पहाटेपासून,” पंकजाक्षी म्हणाल्या आणि उंबऱ्यावर बसल्या. “अंधार होता अजून. हिने मला हाक मारली तिथपासून लिहा.”

वासवनांनी आपली खुर्ची उचलली, सुकुमारन बसला होता त्या कठड्याजवळ आणून ठेवली आणि पुढे वाकून बसले. त्या पहाटे आपल्या घरात काय झालं होतं हे त्यांनाही कुणी कधी सांगितलं नव्हतं.